नाताळच्या सुट्टीत गोवा सोडून सोलापूर? (बेळगावहून, आईसोबत, ३ दिवस)

शहापूरकर_धाकटा
मंडळी नमस्कार. बऱ्याच दिवसांनी धागा काढतोय, सांभाळून घ्या.

नाताळात ३ दिवस, २ मुक्काम असं कुठंतरी जायचंय. माणसं पाच. मी, बायको, पोरगा १३ वर्षांचा, पोरगी ८, आणि आई ७२ (गुडघे दुखतात, पण देवळाची पायरी दिसली की दुखायचे थांबतात). दरवर्षी गोवा असतं. गेल्या वर्षी चोर्ला घाटात ट्रॅफिकमधी साडेतीन तास बसून पोरीनं गाडीतच डबा उघडला, डब्यात फोडणीचा भात होता तो सगळा सीटवर, तेव्हापासून गोव्याचं नाव काढायचं नाही असा घरात हुकूम आहे. दांडेली झालं, आंबोली झालं.

आईला अक्कलकोट पाहिजे. बायकोला टॉवेल आणि चादरी पाहिजेत. पोरांना काय पाहिजे ते त्यांनाच माहीत नाही. मला सोलापूर बघायचंय, त्याला जरा कारण आहे. माझे आजोबा तरुणपणी आठ-नऊ वर्षं सोलापुरात एका गिरणीत साच्यावर (मागावर) कामाला होते. १९४९ साली गणपतीला घरी आले ते परत गेलेच नाहीत. घरातली गोष्ट अशी की जॉबरशी, म्हणजे मुकादमाशी, भांडण झालं आणि आजोबांनी त्याच्या तोंडावर धोटा (मागातला आडवा धागा नेणारा) फेकला. आजोबा स्वतः कधी काही बोलले नाहीत, पुढचं सगळं आयुष्य इथं बेळगावच्या खासबागेत आधी हातमाग मग यंत्रमाग. मागच्या महिन्यात ट्रंक आवरताना एक पितळी बिल्ला सापडला, २२१७ नंबर दिसतोय, गिरणीचं नाव झिजून गेलंय.

तर जाण्यासारखं हाय काय सोलापूर? रस्ता कुठला बरा? बंद गिरण्या आतून बघायला मिळतात काय?

कुंदा_आणि_मी
सोलापूर? सुट्टीला? घरात काय चूक करून बसलायस काय रे?

अथणीचा_आप्पा
रस्त्याचं मला विचारा, महिन्यातून दोनदा असतोय त्या बाजूला. बेळगाव ते अथणी, अथणी ते विजापूर, तिथनं सोलापूर सरळ १०० किलोमीटर, हायवे एकदम चकाचक. सकाळी सहाला निघालात तर विजापुरात नाष्टा नाही म्हणता येणार, पण जेवणाआधी गोलगुंबज होतंय. पोरांना वर नेऊन त्या गॅलरीत एका बाजूनं कुजबुजायला लावा, पलीकडं भिंतीला कान लावला की ऐकू येतंय. आईंना मात्र वर चढवू नका, जिना अरुंद आणि पायऱ्या उंच, त्यांना खाली बागेत बसवा.

चिक्कोडीची_अक्का
आप्पा तुम्ही सगळ्यांना अथणीवरनंच पाठवता, तुमचं हॉटेल हाय काय तिथं 😄 लहान पोरं आणि वयस्कर माणूस असेल तर चिक्कोडी करून मिरज गाठायचं आणि तिथनं सांगोला-मंगळवेढा मार्गे जायचं. रत्नागिरी-नागपूर हायवे चौपदरी झालाय, पोटातलं पाणी हलत नाही. थोडं लांब पडतंय पण कंबर शाबूत राहते.

अथणीचा_आप्पा
अक्का, तुमच्या रस्त्यावर बघायला काय हाय? टोलनाके.

चिक्कोडीची_अक्का
मंगळवेढा हाय. दामाजीपंतांचं गाव. दुष्काळात बादशहाचं कोठार लोकांना उघडून दिलं ते दामाजी. आणि बसवण्णांनी मंगळवेढ्यात कित्येक वर्षं काढली, ते तुम्हालाच जास्त ठाऊक असायला पाहिजे. शिवाय ज्वारी. आमच्याकडे पाव्हणे आले की मंगळवेढ्याच्या मालदांडीची भाकरी करतो, दुसऱ्या दिवशी पण मऊ.

निपाणीकर
ट्रेननं जा की. हुबळीहून गोलगुंबज एक्सप्रेस गदग-बागलकोट-विजापूर करत सोलापूरला जाते.

कुंदा_आणि_मी
सोलापूरला जायला आधी उलट्या दिशेनं हुबळीला जायचं, हा फक्त निपाणीचा माणूस सुचवू शकतो.

सोलापूर_माहेर
शेवटी माझा विषय निघाला. माहेर सोलापूर, सासर टिळकवाडी, बावीस वर्षं झाली, अजून सासूबाई पाव्हण्यांना "आमची सून दुष्काळातली" म्हणून ओळख करून देतात.

धाकट्या भावा, आधी एक गैरसमज काढून टाक. बंद गिरणी बघायला म्हणून येऊ नकोस, हिरमोड होईल. आमच्या लहानपणी गाव भोंग्यावर चालायचं, घड्याळ कुणी बघत नव्हतं, पहिला भोंगा झाला की आजी चहा टाकायची. जुनी गिरणी १८७७ सालची, मोरारजी गोकुळदासांनी काढलेली. मग लक्ष्मी आली, विष्णू आली, नरसिंग गिरजी आली. जुनी गिरणी तर मी जन्मायच्याही आधी, साठच्या दशकात बंद पडली, बाकीच्या एकेक करत आमच्या डोळ्यांदेखत. आता गिरण्या उरल्यात त्या रिक्षावाल्यांच्या तोंडात. "जुनी मिल कंपाउंडला सोडा" म्हटलं की सोडतात, उतरून बघितलं तर मिल कुठंय? माझे मामा लक्ष्मी-विष्णूला होते, बंद झाल्यावरही कित्येक महिने सकाळी डबा घेऊन चौकापर्यंत जायचे आणि डबा तिथंच पारावर बसून खाऊन परत यायचे, मामीनं एक दिवस डबाच भरला नाही तेव्हा घरात बसले.

पण कापडाचं गाव मेलं असं मात्र समजू नका. ते गिरणीतनं उठून पूर्व भागात गेलं. पूर्व भाग म्हणजे पद्मशाली तेलुगू लोकांची वस्ती, त्यांचे पूर्वज तेलंगणातनं मागावर काम करायला आले आणि इथलेच झाले. त्या गल्ल्यांतनं चाललात की दोन्ही बाजूंनी खटाखट खटाखट, बोलायचं तर ओरडून बोलायला लागतं. दारात बायका सूप मांडीवर घेऊन विड्या वळत बसलेल्या असतात. घरात तेलुगू, गल्लीत मराठी, बाजारात कन्नड. नारळी पौर्णिमेला मार्कंडेयाचा रथ निघतो तेव्हा तर बघायलाच पाहिजे, पण तू नाताळात येणार.

निपाणीकर
त्या विड्यांतली तंबाखू आमची बरं का. पानं जंगलातली, तंबाखू निपाणीची, हात सोलापूरच्या बायकांचे. आमची आजी पण वखारीत कामाला होती, संध्याकाळी घरी आली की तिच्या पदराच्या वासानं आम्ही शिंकायचो.

शहापूरकर_धाकटा
ताई, मस्त लिहिलंत. पण मग तीन दिवस काय करू ते पण सांगा की. आणि मार्कंडेय म्हटल्यावर मी आमची बेळगावची नदी समजलो.

सोलापूर_माहेर
सांगते. स्वयंपाक करत करत टाइप करत होते, कुकरनं हाक मारली.

आल्या दिवशी संध्याकाळी सिद्धेश्वर. तळ्याच्या मधोमध देऊळ, आईंना चढ नाही, सपाट वाट, गुडघ्यांची काळजी नको. सिद्धरामेश्वर बाराव्या शतकातले, बसवण्णांच्या काळातले, वचनं कन्नडमध्ये आणि भक्त सगळ्या भाषांतले. संक्रांतीची मोठी यात्रा त्यांचीच, नंदीध्वज निघतात, अक्षता सोहळा होतो, होम मैदानावर गड्ड्याची जत्रा भरते. तळ्याला लागूनच भुईकोट किल्ला आहे, पोरगा तिथं रमेल. नंतर पार्क चौपाटीला खाऊन घ्या.

दुसरा दिवस अक्कलकोट, ४० किलोमीटर. गुरुवार टाळा, दत्तजयंतीच्या आसपास असेल तर अजिबात नको, गर्दीत आई एकीकडे चप्पल एकीकडे होईल. दर्शन झाल्यावर अन्नछत्रात प्रसाद घ्या. पोराला राजवाड्यातलं शस्त्रागार दाखवा. आईला हौस असेल तर तुळजापूर पण साधतं, सोलापूरपासून ४५ किलोमीटर, पण ते अक्कलकोटच्या उलट्या दिशेला आणि पायऱ्या आहेत, म्हणजे त्यांच्या नियमाप्रमाणं गुडघे दुखणार नाहीत 😀

तिसऱ्या दिवशी सकाळी डॉ. कोटणीसांचं स्मारक. १९३८ ला चीनला गेले ते द्वारकानाथ कोटणीस, जन्म सोलापूरचा, त्यांचं राहतं घर जपून ठेवलंय. मग पालिकेची इंद्रभुवन इमारत बाहेरनं बघा, मग खरेदी आणि परत.

आणि लॉज ठरवताना पाणी चोवीस तास आहे का हे विचारूनच पैसे भरा. माहेरची बदनामी करत नाही, अनुभव सांगते.

गोकाकचा_करदंटू
एवढं लांब कशाला? गिरणीच बघायचीय तर आमच्याकडे या. गोकाक फॉल्सला एकोणिसाव्या शतकातली गिरणी, वर झुलता पूल, आणि १७१ फुटांचा धबधबा. सकाळी निघून संध्याकाळी घरी. लॉज नको, टोल नको. करदंटू (आमची डिंकाची मिठाई) मी देतो.

कुंदा_आणि_मी
नाताळात तुमच्या धबधब्याला पाणी किती असतंय ते पण सांगा की.

गोकाकचा_करदंटू
नळाएवढं. पण खडक छान दिसतात.

चिक्कोडीची_अक्का
😂😂

मांडेवाली_मावशी
सोलापुरी चादरीवर बोलायचंच झालं तर मी एक सांगते. चार वर्षांमागं पंढरपूरहून येताना सोलापूरला एका दुकानातनं चार चादरी घेतल्या, दुकानदार म्हणाला अस्सल, देवाशप्पथ. पहिल्या धुण्यालाच लाल रंग सुटला, यांचे पांढरे लेंगे गुलाबी झाले. यांनी ते लेंगे वर्षभर घातले, वाया कशाला घालवायचे म्हणून. सकाळी फिरायला जायचे तेव्हा गल्लीतली पोरं "गुलाबराव" म्हणायची. तर अस्सल ओळखायची कशी ते कुणीतरी सांगा.

खासबाग_चाळीस_माग
मावशी, हे मी सांगतो. चाळीस माग नावातच राहिलेत, आता सहाच चालू हायत. आमच्यात साड्या, सोलापुरात चादरी, पण माग तो मागच.

सोलापुरी चादर जाकार्डवर विणत्यात. मागाच्या डोक्यावर एक मशीन असतंय आणि त्याच्यावर भोकं पाडलेल्या पुठ्ठ्यांची माळ फिरती. एक पुठ्ठा म्हणजे एक आडवा धागा. जिथं भोक हाय तिथला आकडा (हुक) वर जातोय, ताण्याचा तेवढा धागा उचलला जातोय, त्याच्या खालनं धोटा पळतोय. पुठ्ठा सरकला की दुसरे धागे उचलायचे. अशे शेकडो पुठ्ठे एकामागं एक गेले की मोर तयार. म्हणजे नक्षी ही छापलेली न्हवं, विणलेली. म्हणून चादर उलटी करायची. अस्सल असली तर मागच्या बाजूला तीच नक्षी रंग उलटे होऊन दिसती, लाल मोर पिवळ्यावर असला तर मागं पिवळा मोर लालवर. छापलेल्या मालाला पाठ फिक्की असती. दुसरं वजन. हातात घेतली की कळतंय, सुताची चादर जड लागती, मिक्स धागा हलका आणि गुळगुळीत. तिसरं म्हणजे पाण्याचा थेंब टाकून बघायचा, सुती पिऊन टाकतंय, मिक्सवर थेंब गोटीसारखा बसून राहतोय. आता दुकानात कुणी थेंब टाकू देत नाही ते वेगळं.

सोलापुरी चादर आणि टॉवेल, दोन्हीला भौगोलिक मानांकन हाय. तरी पानिपतचा माल सोलापुरी म्हणून विकणारे जागोजागी बसल्यात. आमच्यात पण तेच, मागावर चार दिवस लागणाऱ्या साडीसारखी दिसणारी साडी सुरतेहून येती आणि आमच्या सुताच्या किमतीत विकली जाती. काय करणार.

आणि शहापूरकर, तुमचे आजोबा कुठल्या गल्लीत होते खासबागेत? आमच्या बाबांना विचारतो.

मांडेवाली_मावशी
म्हणजे आमच्या चादरी छापलेल्या होत्या. यांना आत्ताच सांगितलं, ते म्हणाले "लेंगे पण छापलेच होते मग".

सावजी_प्रेमी
खाण्यावर कोण बोलेना म्हणून मीच येतो. विणकर आणि झणझणीत रस्सा यांचं काय नातं हाय कळत नाही पण हाय. सावजी खानावळी बघा, हुबळी, गदग-बेटगेरी, बेळगाव, सोलापूर, जिथं सहस्रार्जुन क्षत्रिय समाजाचे माग तिथं सावजी मटण. माझा अंदाज असा की दिवसभर मागांची खटाखट ऐकून कान बधिर झालेले असतात, मग जिभेला तरी काहीतरी कळायला पाहिजे. सोलापुरात कडक भाकरी घ्या, पापडासारखी मोडते, महिनाभर टिकते. शेंगा चटणी तर घ्याच. पण घरी आणून कुटलेली आणि मिक्सरमधली यातला फरक बघा, उखळात कुटलेली तेल सोडते, बोटाला लागते. हुरडा नाताळात नुकता सुरू होतोय, कुणाच्या ओळखीनं शेतावर गेलात तर नशीब.

शहापूरकर_धाकटा
धाग्याचं शीर्षक बदलून "काय खाऊ" करू काय 😀
खासबागवाले, आजोबा मारुती मंदिराच्या मागच्या गल्लीत होते. विचारून बघा बाबांना.

सीमाभाग_अभिमानी
एक विचारतो. आपण बेळगावची मराठी माणसं, सोलापूरला जाऊन कन्नड ऐकणार आणि विजापुरात कन्नड बोर्ड वाचत जाणार. गंमत हाय की नाही? सीमाप्रश्नावरच्या महाजन अहवालानं अक्कलकोट, जत, दक्षिण सोलापूर कर्नाटकाला द्या म्हटलं होतं, आणि आपल्याला पण कर्नाटकातच ठेवलं...

अथणीचा_आप्पा
आला. वाटच बघत होतो.

सीमाभाग_अभिमानी
आप्पा, खरं तेच बोललो की. आणि बस बंद असतात तेव्हा कोण अडकतंय? आपणच. शहापूरकर, निघायच्या आदल्या दिवशी पेपर बघून निघा.

प्रशासक
सीमाप्रश्नाचा धागा वेगळा आहे, तिथे जागा भरपूर आहे. इथे फक्त सोलापूर.

सोलापूर_माहेर
एवढंच सांगते आणि गप्प बसते. माझे वडील घरात मराठी बोलायचे, दुकानात कन्नड, आणि मिस्त्रीवर चिडले की तेलुगू. सोलापुरात कुणी भाषेवरनं डोळे वटारत नाही, एकमेकांच्या भाषेतल्या शिव्या मात्र सगळ्यांना येतात.

मोडी_वाचक
प्रशासक साहेब, भाषेचंच आहे पण सहलीशी संबंधित, चालेल ना? सोलापूरहून विजापूरच्या बाजूला भीमा आणि सीना नद्यांचा संगम आहे, हत्तरसंग कुडल. तिथं संगमेश्वराचं जुनं देऊळ आहे आणि त्यात शके ९४० चा, म्हणजे १०१८ सालचा मराठी शिलालेख आहे. "वाचणारा विजयी होईल" अशा अर्थाची ओळ. मराठीतल्या सगळ्यात जुन्या लेखांत त्याची गणना होते. आणि श्रवणबेळगोळचा तो "चावुण्डराजें करवियलें" हा जुना मराठी लेख कर्नाटकात आहे. म्हणजे जुनी मराठी भीमेकाठी आणि कन्नड मुलखात पण सापडते, यावर ज्याला जे म्हणायचंय त्याने म्हणावं. शेजारच्या देवळात बहुमुखी शिवलिंग आहे, एकाच लिंगावर शेकडो छोटे मुखवटे कोरलेले, पोरांना मोजायला बसवा, अर्धा तास शांतता मिळेल. विजापूर रस्त्यानं जाणार असाल तर वाट थोडी वाकडी करून होईल.

अथणीचा_आप्पा
बघा अक्का. माझ्याच रस्त्यावर.

चिक्कोडीची_अक्का
🙄

खानापूरची_पोर
मी दहावीत असताना शाळेच्या ट्रिपनं सोलापूर बघितलं. आठवतंय ते एवढंच की सरांनी चार हुतात्म्यांचे पुतळे दाखवले आणि नावं पाठ करून घेतली. मल्लप्पा धनशेट्टी, श्रीकिसन सारडा, जगन्नाथ शिंदे, कुर्बान हुसेन. अजून पाठ आहेत. बाकी आईस्क्रीम आठवतंय.

मोडी_वाचक
नावं पाठ आहेत हे चांगलं. १९३० च्या मे महिन्यात गांधीजींना अटक झाल्यावर सोलापूर असं पेटलं की इंग्रजांचा अंमल काही दिवस गावातनं उठल्यासारखा झाला आणि मग मार्शल लॉ आला. त्यात गिरणी कामगार मोठ्या संख्येनं होते. चौघांना १२ जानेवारी १९३१ ला येरवड्यात फाशी दिली. नावं एकदा परत वाचून बघा, लिंगायत, मारवाडी, मराठा, मुसलमान. गिरणीगावात असंच असायचं.

काळा_कोट
हा धागा तीन दिवस नुसता वाचत होतो, कोर्टाला सुट्टी लागली म्हणून लिहितो. मूळ पोस्टमधली एक गोष्ट कुणाच्या लक्षात आली नाही, सगळे चादर आणि मटणात गुंतले.

शहापूरकर, तुमचे आजोबा १९४९ च्या गणपतीला आले आणि परत गेले नाहीत, बरोबर? आता ऐका. आम्ही लॉ कॉलेजला असताना घटनेच्या पेपरला एक केस हमखास यायची, चिरंजीतलाल चौधरी विरुद्ध भारत सरकार, १९५०. समानतेच्या हक्कावरच्या सुरुवातीच्या केसेसपैकी. पोरं कलम १४ (समानता) आणि ३१ (मालमत्ता) पाठ करायची आणि पेपर लिहायची, केस कशावरनं झाली हे कुणी बघायचं नाही. मी पण नव्हतं बघितलं. वकिली चालेना तेव्हा वेळ होता म्हणून निकाल सगळा वाचला.

ती केस सोलापूरच्या गिरणीची आहे. सोलापूर स्पिनिंग अँड वीव्हिंग कंपनी, म्हणजे ताई म्हणतात ती जुनी गिरणी. निकालात तारखा दिल्यात. २७ जुलै १९४९ ला संचालकांनी कामगारांना नोटीस लावली की गिरणी बंद करणार, आणि २७ ऑगस्टला गिरणी बंद झाली. पुढं ९ जानेवारी १९५० ला केंद्र सरकारनं वटहुकूम काढला आणि गिरणीचा कारभार आपल्या हातात घेतला. एका शेअरहोल्डरनं तक्रार केली की देशात एवढ्या गिरण्या असताना एकट्या आमच्या कंपनीसाठी कायदा कसा? ३ विरुद्ध २ नं तो हरला. नंतर त्याच गिरणीच्या दुसऱ्या केसमध्ये, द्वारकादास श्रीनिवास यांच्या, सुप्रीम कोर्टानं सरकारच्या विरुद्ध निकाल दिला, भरपाई न देता मालमत्ता काढून घेतल्यासारखंच आहे हे म्हणून. १९५५ च्या चौथ्या घटनादुरुस्तीला जी कारणं झाली त्यात हा निकाल पण होता.

आता १९४९ चे गणपती ऑगस्टच्या शेवटच्या आठवड्यातच होते. तुमचे आजोबा त्याच गिरणीत होते की दुसऱ्या, ते बिल्ल्यावरचं नाव झिजल्यामुळं मी छातीठोक सांगू शकत नाही. पण महिन्याची नोटीस मिळालेला माणूस गणपतीला घरी येतो आणि परत जात नाही, यात धोटा फेकायची काही गरज मला तरी दिसत नाही.

कुंदा_आणि_मी
बाप रे. मी या धाग्यावर सकाळपासून टाइमपास करतोय आणि इथं सुप्रीम कोर्ट निघालं.

सोलापूर_माहेर
अंगावर काटा आला. मामांच्या डब्याची आठवण झाली.

खासबाग_चाळीस_माग
बाबांना विचारलं. ते म्हणाले त्या गल्लीत एक "सोलापूरकर" म्हणून होते, मितभाषी, पांजण (ताण्याला खळ लावायचं काम) त्यांच्यासारखी कुणाची बसत नव्हती, एक धागा तुटायचा नाही. बाबा लहान होते, धाग्याच्या कांड्या भरायला जायचे त्यांच्याकडं. नाव वेगळं असंल तर माफ करा, पण आमच्यात सोलापूरला जाऊन आलेले दोघंतिघंच होते.

शहापूरकर_धाकटा
सोलापूरकरच म्हणायचे त्यांना. शाळेच्या दाखल्यावर शहापूरकर आहे पण गल्लीत सोलापूरकर.

काल रात्री काळा कोट साहेबांची पोस्ट आईला वाचून दाखवली. ती काही बोलली नाही, म्हणाली आक्कांना फोन लाव. आक्का म्हणजे माझी थोरली आत्या, ८४ वर्षांची, वडगावात असते. तिला विचारलं की आजोबांचं जॉबरशी भांडण झालं होतं काय. ती म्हणाली, "कुणी सांगितलं? बाबा कोंबडीला पण हुसकत नव्हते. भांडणाचं तुझ्या आजीनं सांगितलं सगळ्यांना. काम गेलं म्हणून आला म्हणण्यापेक्षा भांडून आला म्हटलेलं बरं, सोयऱ्यांत मान राहतोय." मग थोडा वेळ थांबून विचारलं, "तुम्ही कधी जाणार हाय?"

तर आता आत्या पण येणार. तिनं परस्पर पिशवी भरायला घेतलीय म्हणे. अथणी रस्त्यानं जायचं ठरलं (अक्का, माफी), गोलगुंबज खालनंच, कुडल येताना. कायद्यातलं मला ओ की ठो कळलं नाही पण जुनी मिल कंपाउंडला रिक्षा करून जाऊन येणार, बघायला काही नसलं तरी. बिल्ला बरोबर घेतोय.

अडचण एकच. पाच सीटची गाडी आणि माणसं सहा, त्यात सामान. आत्याला मधी बसवून पोरगी मांडीवर घेतली तर माणसं बसतील, पण येताना चादरी कुठं ठेवू? कुणाकडं गाडीवर बसवायचं कॅरिअर असलं तर चार दिवस द्याल काय?

अथणीचा_आप्पा
आठ वर्षांच्या पोरीला सहा तास मांडीवर घेऊ नका. माझ्या ओळखीत सात सीटची गाडी भाड्यानं मिळती, ड्रायव्हर पण चांगला हाय, मेसेज करा. तो अथणी रस्त्यानंच नेतोय 😀

मांडेवाली_मावशी
कॅरिअर आमच्याकडे आहे, माळ्यावर पडलंय, भाड्याच्या गाडीला पण बसतं. शनिवारी संध्याकाळी येऊन घेऊन जा. बदल्यात माझ्यासाठी दोन चादरी आण, उलट्या करून, थेंब टाकून बघ. आणि यांच्यासाठी एक टॉवेल, पांढरा.

कुंदा_आणि_मी
गुलाबरावांना पांढरा नको, थेट गुलाबीच घ्या.